काटकसर रस्त्यावर करा, चुलीपाशी नको

'होमस्टे' हा शब्द आपल्याकडे नवा, पण गोष्ट जुनी आहे. आपण तिला 'उतरणं' म्हणत होतो. जत्रेहून परतलेल्या माणसाला 'कुणाकडे उतरला होतात?' हा प्रश्न हमखास विचारला जायचा. गडकिल्ले हिंडणारी मराठी माणसंही अशीच उतरत आली. गो. नी. दांडेकरांच्या 'दुर्गभ्रमणगाथे'ने ज्यांना डोंगरांचं वेड लावलं, ती मंडळी एसटीने पायथ्याच्या गावी जायची आणि देवळात, शाळेच्या ओट्यावर, नाही तर कुणाच्या पडवीत पथारी टाकायची. घरातून पिठलं-भाकरी आली तर पैसे घ्यायला घरधनी संकोचायचा.

आज तीच पडवी आणि तीच भाकरी ठरलेल्या दराने मिळते. त्यात काही बिघडलं असं मला वाटत नाही. वर्षातून चार पाहुणे येत होते तोवर फुकटचा पाहुणचार निभावत होता. दर शनिवारी दहा माणसं येऊ लागली तर तो कुठल्या घराला परवडेल? दर ठरला की घरधन्याचा संकोच जातो आणि पाहुण्याच्या मनावरचं ओझंही. प्रश्न उरतो तो असा, की हा दर नेमका कशाचा, तो कुणाच्या हाती पडतो, आणि कमी खर्चात हिंडू पाहणाऱ्याने बचत करायची ती कुठे?

बोलायला एक मुलूख डोळ्यांसमोर ठेवू. अहिल्यानगर, म्हणजे पूर्वीचा अहमदनगर जिल्हा, त्यातला अकोले तालुका आणि त्याचा पश्चिमेचा डोंगराळ भाग. महाराष्ट्रातलं सर्वांत उंच शिखर कळसूबाई, उंची १६४६ मीटर, ते इथेच. त्याच्या पायथ्याचं गाव बारी. रतनगडाखाली रतनवाडी आणि तिथलं अमृतेश्वराचं कोरीव देऊळ, सांदण दरीच्या तोंडाशी साम्रद, हरिश्चंद्रगडाची सोपी वाट जिथून चढते ते पाचनई. वस्ती मुख्यतः महादेव कोळी आणि ठाकर समाजाची. कवितेच्या निमित्ताने म्हणा किंवा कवितेतून सुटका म्हणून म्हणा, मी बरीच वर्षं या गावांतून हिंडतो आहे.

इथे पोचायला फार खर्च येत नाही. मुंबईकराने कसाऱ्यापर्यंत लोकलने यावं आणि तिथून घोटीमार्गे एसटी किंवा वडापची जीप धरावी. पुणेकराने संगमनेर, अकोले, राजूर असे टप्पे करावेत. मार्च २०२३ मध्ये महिलांना एसटीत निम्म्या तिकिटाची सवलत मिळाली, तेव्हापासून बायकांचे गट या गाड्यांत जास्त दिसू लागले आहेत. शनिवार-रविवार टाळून मंगळवार-बुधवारी गेलं तर कळसूबाईच्या लोखंडी शिड्यांपाशी रांगेत उभं राहावं लागत नाही आणि ज्या घरी आपण उतरतो त्या घरालाही आठवड्याच्या रिकाम्या दिवसांत चार पैसे मिळतात. बचत करायची ती अशी करावी. महागडे बूट, परदेशी पाठपिशवी, खासगी गाडी यांवाचून काही अडत नाही. चांगली पकड असलेले बूट, पाण्याची बाटली, बॅटरी, टोपी आणि गरम कपडा एवढं पुष्कळ झालं.

आता घराकडे येऊ. गावातलं घर हॉटेलपेक्षा स्वस्त का पडतं? त्याला वेगळी इमारत नाही, नोकर नाहीत, जाहिरात नाही. चूल घरच्यांसाठी पेटतेच, तिच्यावर आणखी चार भाकऱ्या पडतात. तांदूळ खाचरातला, नाचणी आणि वरई डोंगरउतारावरची, चटणी खुरासणीची, पिठलं हुलग्याचं. मागच्या हिवाळ्यात एका घरी रात्रीचं जेवण, सकाळचा चहा-नाश्ता आणि झोपायची जागा यांचे मी माणशी सहाशे रुपये दिले. शहरात एवढ्यात एका माणसाचं बरं जेवणही कधी कधी होत नाही.

पण या हिशोबात एक रकाना कोराच राहतो. तो घरातल्या बाईच्या कष्टाचा. या भागात पाऊस असा कोसळतो की घाटघर परिसराची गणना राज्यातल्या सर्वाधिक पावसाच्या ठिकाणांत होते. जवळच भंडारदऱ्याचं धरण आहे, १९२६ साली पूर्ण झालेलं. त्याच्या पाण्यावर खाली प्रवरेच्या काठी उसाचे मळे उभे राहिले. वर डोंगरात मात्र मार्च-एप्रिल उलटला की अनेक वाड्यांच्या विहिरी तळ गाठतात. उतारावरचं पाणी वाहून जातं, काळा कातळ ते धरून ठेवत नाही. अशा दिवसांत आपण आंघोळीला दोन बादल्या पाणी मागतो, तेव्हा ते कुणी तरी डोक्यावर हंडा घेऊन चढण चढून आणलेलं असतं. सरपणही तसंच. आपल्या गटातल्या एकाला ऐनवेळी भूक लागली म्हणून पुन्हा पेटवलेली चूल दरपत्रकात कुठे लिहिलेली नसते.

कळसूबाईची तिकडे सांगितली जाणारी एक कथा या जागी आठवते. कळसू ही कोळ्याची मुलगी. एका पाटलाच्या घरी कामाला राहिली, पण केर-भांडी करणार नाही या अटीवर. एके दिवशी तिला भांडी घासायला लावलीच. तिने ती घासली आणि डोंगरावर निघून गेली, ती परत आली नाही. जिथे तिने भांडी घासली ती जागा थाळेमेळ म्हणून दाखवतात. राज्यातलं सर्वांत उंच शिखर एका अशा मुलीच्या नावाचं आहे, हे मला फार बोलकं वाटतं. शिखरावर जाऊन देवीला हात जोडायचे आणि खाली येऊन तिच्या लेकीबाळींशी पन्नास रुपयांसाठी घासाघीस करायची, हे काही जमत नाही.

बहुतेक मंडळी अशा सहलीला शहरातल्या आयोजकामार्फत जातात. सगळेच आयोजक वाईट असतात असं मुळीच नाही. नवख्या माणसाला सोबत आणि सुरक्षितता हवी असते, ती त्यांच्यामुळे मिळते. पण आपण भरलेल्या पैशांतून गाडी, नफा आणि इतर खर्च वजा जाता चुलीपर्यंत किती पोचतं, हे विचारायला लाजू नये. जेवणाचे माणशी किती देता, वाटाड्या गावातलाच घेता का, पैसे त्याच दिवशी देता का, हे तीन प्रश्न पुरेसे आहेत. जो आयोजक सरळ उत्तर देतो, त्याच्याबरोबर खुशाल जावं. शक्य असेल तर घराशी थेट बोलून जावं. राज्याची 'निवास व न्याहारी' योजना आहे, तीत नोंदलेली घरं सापडतात. नोंद नसलेल्या घरांची नावं आधी जाऊन आलेल्यांकडून कळतात.

निघण्यापूर्वी फोन करून किती माणसं, कधी पोचणार आणि काय खाता, हे सांगावं. शेवटची गोष्ट किरकोळ वाटते, पण तशी ती नाही. एका घरी मी माझं नाव सांगितलं. घरातल्या आजी क्षणभर विचारात पडल्या. मला वाटलं, आता काही वेगळा प्रश्न येतो की काय. आजींनी विचारलं, "मंग दादा, कोंबडीचं कसं करायचं? तुमच्यात तुम्हीच कापता ना?" त्यांना चिंता होती ती पाहुणा उपाशी राहू नये याची. मी म्हटलं, "आजी, कोंबडी राहू द्या. मी तुमच्या हुलग्याच्या पिठल्यासाठी आलोय." संध्याकाळी नमाजाला जागा विचारली, तर त्यांनी पडवी झाडून धुतलेली घोंगडी अंथरून दिली आणि नातवंडांना दटावून गप्प बसवलं. आमच्या घरी अम्मी म्हणायची, मेहमान आपलं नशीब सोबत घेऊन येतो. माणसं एकमेकांना नावावरून जोखू लागली आहेत अशा दिवसांत, अनोळखी घरात ताटावर बसून जेवणं ही छोटी गोष्ट राहिलेली नाही. एका रात्रीच्या मुक्कामाने जग बदलत नाही, पण दोन घरांना एकमेकांची भीती वाटेनाशी होते.

ताटातल्या प्रत्येक पदार्थामागे एक गोष्ट असते, ती विचारावी. उन्हाळ्यात पालापाचोळा, शेण, फांद्या पसरून जमीन भाजतात, त्याला राब म्हणतात. त्या राखेत भाताचं रोप वाढतं आणि पाऊस स्थिरावला की खाचरात आवणी होते. पावसात भिजत वाकून काम करणाऱ्यांच्या पाठीवर पानांचं आणि बांबूचं इरलं असायचं, आता प्लॅस्टिकचा कागद दिसतो. जुन्या घरांच्या भिंती कारवीच्या काठ्यांच्या कुडाच्या, वर शेणामातीचा लेप. याच तालुक्यातल्या कोंभाळण्याच्या राहीबाई पोपेरे यांना २०२० साली पद्मश्री जाहीर झाली ती देशी बियाणं जपल्याबद्दल. त्यांचं नाव आपण वर्तमानपत्रात वाचतो. त्या बियाण्याची चव अशा घरांतल्या ताटात कळते.

संस्कृती मात्र ताटासारखी मागवता येत नाही. 'आमच्यासाठी जरा नाचून दाखवा' ही फर्माईश करू नये. ठाकरांचा कांबड नाच किंवा दिवाळीच्या तोंडावर येणारी वाघबारस यांना आपापली वेळ आहे. वाघबारशीला गुराखी आणि गावकरी वाघोबाची पूजा करतात, गुरांना सांभाळ म्हणून मागणं मागतात. ज्याच्यापासून भय, त्यालाच देव मानून त्याच्याशी करार करायचा, ही समजूत ऐकायला मिळाली तर नशीब समजावं. ती रविवारी दुपारी दोन वाजता सादर व्हावी, असा हट्ट नसावा.

असाच हट्ट काजव्यांच्या बाबतीत होतो. मे महिन्याच्या अखेरीपासून पाऊस जम धरेपर्यंत इथली हिरडा, बेहडा, सादडा यांसारखी झाडं काजव्यांनी उजळतात. तो उजेड ही त्यांची एकमेकांना घातलेली साद असते, जोडीदार शोधण्याची. तिथे गाड्यांचे दिवे आणि मोबाइलच्या बॅटऱ्या रोखल्या की ती साद बुडून जाते. हा सारा परिसर कळसूबाई-हरिश्चंद्रगड अभयारण्यात येतो. नाक्यावरचं शुल्क भरावं, नियम पाळावेत आणि अंधारात अंधाराचा मान ठेवावा.

गावाने हे सगळं कसं सावरावं, याचं एक उदाहरण लडाखात आहे. हेमिस राष्ट्रीय उद्यानातल्या रुंबाक गावात हिमबिबट्या लोकांची जनावरं मारायचा, म्हणून लोक त्याच्यावर चिडून होते. या शतकाच्या सुरुवातीला तिथे घरगुती मुक्कामाची सोय सुरू झाली. पाहुणे आळीपाळीने एकेका घरी जातात, म्हणजे रस्त्याकडेच्या एकाच घराची भरभराट होत नाही. हिमबिबट्याला पाहायला माणसं येतात, त्यातून घर चालतं, मग त्याच्याविषयीचा रागही निवतो. आपल्या गावांनी ही पाळीची पद्धत जरूर विचारात घ्यावी. नाही तर बाहेरचा माणूस जागा भाड्याने घेऊन तंबू ठोकतो आणि गावची पोरं आपल्याच माळावर ताटं उचलत राहतात.

दोन शब्द सुरक्षिततेविषयी. पावसाळ्यात सांदण दरीत उतरू नये, पाणी अचानक चढतं. कोकणकड्याच्या काठाशी फोटोसाठी धडपडू नये. हरिश्चंद्रगडाची नळीची वाट नवख्यांसाठी नाही. गावातला वाटाड्या घ्यावा आणि त्याची मजुरी आधी ठरवावी. धुकं कधी उतरणार हे त्याला आभाळ पाहून कळतं, ते आपल्या मोबाइलला कळेलच असं नाही. आपला कचरा आपल्या पिशवीतून परत न्यावा. गावात तो उचलायला गाडी येत नाही.

आणि निघताना हिशोब करायचा तो शक्यतो जिने रांधलं तिच्या हाती करावा. अनेकदा ती आत असते, पैसे ओट्यावर बसलेल्या पुरुषाकडे जातात आणि तिथेच संपतात. "ताई, जरा बाहेर या, हे तुमचे," एवढं म्हणायला काही लागत नाही. सुटे नाहीत म्हणून वरचे पन्नास परत मागू नयेत.

(आकाशवाणीवरील भाषणाचा संपादित भाग)