घरफोडी : भिंतीवरील घाव की माणसावरील?

'घरफोडी' हा शब्द कानी पडताच कडीकोयंडा तुटल्याचा भास होतो. कायद्यास मात्र काही फुटावेच लागते असे नाही. १८६० च्या भारतीय दंड संहितेने (कलम ४४५) आणि १ जुलै २०२४ पासून तिची जागा घेणाऱ्या भारतीय न्याय संहितेने (कलम ३३०) घरफोडीच्या सहा रीती सांगितल्या आहेत. भिंतीस भगदाड पाडणे ही एक. पण भिंतीवर चढून आत उतरणे किंवा कुलूप उघडणे हीही घरफोडीच होय. सहांपैकी एकाच रीतीत माणसावर बळाचा प्रयोग, हल्ला किंवा हल्ल्याची धमकी अभिप्रेत आहे. तेव्हा या गुन्ह्याची गणना हिंसक गुन्ह्यांत करावी काय, या प्रश्नाचे उत्तर शब्दाच्या उग्रतेवरून देता येणार नाही.

संस्कृतातील 'संधिच्छेद' हा शब्दही भिंतीकडेच पाहतो. मृच्छकटिकातील शर्विलक चारुदत्ताच्या घरास खिंडार पाडताना त्याच्या आकाराचा विचार करतो, त्या घटकेला तो जवळजवळ शिल्पी असतो. बीड जिल्हा १९४८ पर्यंत निजामी राज्यात होता व तेथील राज्यकारभाराची भाषा उर्दू होती. उर्दू फौजदारी परिभाषेत घरफोडीस 'नकबजनी' म्हणतात. 'नकब' म्हणजे भिंतीतील भोकच. याच परिभाषेत जबरी चोरीस 'सरका-बिल-जब्र' असे नाव असून त्यातील 'जब्र' आपल्या 'जबरी'त जसाच्या तसा उतरला आहे. तिन्ही भाषांनी घरफोडीला नाव दिले ते भिंतीवरून. बळाचा निर्देश दुसऱ्या गुन्ह्यासाठी राखून ठेवला.

मनुस्मृतीच्या आठव्या अध्यायात याहून सूक्ष्म भेद आढळतो. धन्याच्या समक्ष बळाने केलेले अपहरण ते 'साहस', त्याच्या परोक्ष केलेले ते 'स्तेय'. येथे निकष भिंतीचा नाही, माणसाच्या उपस्थितीचा आहे. त्याच ग्रंथाच्या नवव्या अध्यायात रात्री भिंत फोडून चोरी करणाऱ्याचे हात तोडून त्यास सुळी देण्याची आज्ञा आहे, हे ध्यानात घेतले म्हणजे स्मृतिकारासही रात्रीच्या भगदाडाचे भय साध्या चोरीहून वेगळे वाटत होते असे म्हणावयास हरकत नाही.

आधुनिक कायद्यातही हीच ओढाताण आहे. राष्ट्रीय गुन्हे नोंदणी विभागाच्या अहवालांतील हिंसक गुन्ह्यांच्या सदरात दरोडा व जबरी चोरी येत आल्या. घरफोडी मालमत्तेच्या सदरात राहिली. परंतु शिक्षा पाहिली तर सामान्य जबरी चोरीस दहा वर्षांपर्यंत कारावास आणि चोरीच्या उद्देशाने केलेल्या रात्रीच्या घरफोडीस चौदा वर्षांपर्यंत! खाजगी बचावाच्या प्रकरणात तर सूर्यास्तानंतरची घरफोडी जबरी चोरीच्या शेजारी बसविलेली आहे. तेथे, बचावाच्या इतर मर्यादांना अधीन राहून, घरधन्यास चोराचा प्राण घेण्यापर्यंत अधिकार दिला आहे. ज्या गुन्ह्याविरुद्ध प्राण घेणे क्षम्य, त्यास केवळ मालमत्तेचा गुन्हा म्हणणे तर्काला धरून नाही.

तरीही सरसकट 'हिंसक' हा शिक्का मला मान्य नाही, आणि त्याचे कारण बीड जिल्ह्यातच सापडते. दिवाळीच्या सुमारास येथील ऊसतोड मजूर कोयते घेऊन पश्चिम महाराष्ट्राकडे व कर्नाटकाकडे निघतात. पुढील काही महिने कित्येक घरांना कुलूप असते, तर कित्येकांत म्हातारी माणसेच उरतात. कुलूपबंद घरातून धान्याची पोती गेली आणि शेजारच्या घरात एकटी झोपलेली आजी अंधारात पावले ऐकून गोठून गेली, तर दोहोंची नोंद 'घरफोडी' याच शब्दाने होते. पहिल्या घरी नुकसान मोठे असू शकते, पण भय भोगणारे कोणी तेथे नव्हते. दुसऱ्या घरी कदाचित काहीच गेले नसेल.

शिक्का गुन्ह्यावर मारला तरी उमटतो माणसावर, हेही विसरता येत नाही. ब्रिटिश अमदानीत १८७१ पासून सुरू झालेले गुन्हेगार जमातींचे कायदे १९५२ मध्ये रद्द झाले, तरी पारध्यांच्या पालांकडे वळणारी संशयाची नजर निवळलेली नाही. 'हिंसक' हे विशेषण व्यापक केले तर त्याचा पहिला भार कोणावर पडेल, हे सांगावयास नको.

म्हणून वर्गीकरणाची रेषा घरफोडीच्या बाहेरून न ओढता तिच्या आतून ओढावी : घरात माणूस असताना झालेली घरफोडी हिंसक गुन्ह्यांत, रिकाम्या घरातील मालमत्तेच्या सदरात. पंचनाम्यात तुटलेल्या कोयंड्याची नोंद होतेच. त्या वेळी आत कोण होते, यासाठी आणखी एक रकाना पुरेल.