इगुन गल्लीतले ओतारी

नायजेरियातल्या बेनिन सिटीत इगुन गल्लीच्या तोंडाशी एक कमान आहे. हा बेनिनच्या ओताऱ्यांचा संघ, जागतिक वारसा स्थळ, अशा अर्थाची पाटी तिच्यावर आहे. युनेस्कोच्या यादीत नायजेरियाची दोनच स्थळं आहेत, सुकुर आणि ओसुन-ओसोग्बो. इगुन तिथे नाही. तरीही गल्ली पाहून झाल्यावर मला ती पाटी थापेबाजी वाटली नाही. (हे बेनिन म्हणजे शेजारचा बेनिन देश नव्हे. ही एडो राज्याची राजधानी, जुन्या बेनिन राज्याचं राजनगर.)

संपादकांना लेख हवा होता तो परत आलेल्या मूर्तींवर. ती हकिगत थोडक्यात सांगतो. फेब्रुवारी १८९७ मध्ये ॲडमिरल हॅरी रॉसनच्या ब्रिटिश फौजेने शहर घेतलं आणि राजवाडा लुटला. ओबा म्हणजे राजा. तेव्हाचा ओबा ओव्होनरामवेन कलाबारला हद्दपार झाला आणि १९१४ मध्ये तिथेच वारला. पितळी फलक, मस्तकं, हस्तिदंती मुखवटे अशा हजारो वस्तू युरोपच्या बाजारात गेल्या. ब्रिटिश म्युझियमकडे आजही ९०० च्या वर आहेत आणि परत देता येत नाहीत म्हणत ते १९६३ च्या कायद्याकडे बोट दाखवतं. जर्मनीने २०२२ मध्ये हजाराहून अधिक वस्तूंची मालकी नायजेरियाला दिली. लंडनच्या हॉर्निमन संग्रहालयाने ७२ दिल्या, नेदरलँड्सने २०२५ मध्ये ११९. साताऱ्यात वाघनखं तीन वर्षांच्या बोलीवर आली, त्यामुळे उसनं मिळणं आणि परत मिळणं यातला फरक मराठी वाचकाला समजावून सांगायला नको.

पण माझा पाय अडकला तो गल्लीतल्या एका पडवीत. तिथे एक वयस्कर ओतारी फळीवर तळहाताने मेण वळत बसला होता. मेणाची सुतासारखी बारीक वळी तयार झाली की सुरीने तिचे तांदळाएवढे तुकडे पाडायचे आणि मातीच्या डोक्याच्या गळ्याभोवती एकेक बसवायचे. हे ओबाच्या गळ्यातल्या पोवळ्यांचे मणी. बेनिनच्या मस्तकांना हनुवटीपर्यंत चढलेला हा पोवळ्यांचा गळपट्टा असतो, त्यामुळे मणी मोजण्यात अर्थ नसतो. त्याची रांग कुठेही वाकडी गेली नव्हती आणि त्याच्यापुढे नमुन्याचं चित्र नव्हतं.

पद्धत जुनी आहे. आधी तांबड्या मातीचा गाभा घडवून वाळवायचा. त्यावर मेणाचा थर चढवायचा आणि नाक, डोळे, मणी, नक्षी सगळं मेणातच उतरवायचं. मेणाच्या काड्या जोडून धातूसाठी वाटा ठेवायच्या. मग पातळ चिखलाचा पहिला हात. तो इतका बारीक चाळलेल्या मातीचा, की मेणावर नखाची रेघ असली तर तीही उचलेल. त्यावर भरड मातीचे थर आणि बाहेरून तारेचा आवळा. साचा तापवला की मेण वितळून बाहेर येतं आणि आत मूर्तीच्या आकाराची पोकळी उरते. मेण गेल्यावर गाभा हलू नये म्हणून आधीच आरपार खिळे मारलेले असतात. बेनिनची जुनी मस्तकं तपासणारे आजही या खिळ्यांच्या खुणा शोधतात. तापलेला साचा तोंड वर करून जमिनीत पुरतात, मुशीतलं पितळ एका दमात ओततात. हात थांबला की मूर्तीवर सांधा दिसतो. निवल्यावर साचा फोडायचा, म्हणजे दुसरी मूर्ती त्यातून निघायची नाही. मग छिन्नी आणि कानस. हेच तंत्र कल्याणीच्या चालुक्य सोमेश्वराच्या ‘मानसोल्लास’ या बाराव्या शतकातल्या ग्रंथात आहे, त्यामुळे मला ते परकं वाटलं नाही. परकं वाटलं ते पितळ. भट्टीशेजारच्या ढिगात जुने नळ, कुलपं आणि मोटारीचे रेडिएटर होते.

तशी या गल्लीची धातू नेहमी बाहेरूनच आली. पोर्तुगीज व्यापारी इथे मानिला नावाची पितळी कडी आणत. त्या बदल्यात मिरी, हस्तिदंत आणि माणसंही नेत. तीच कडी वितळवून फलक ओतले गेले. जर्मन संशोधकांनी २०२३ मध्ये दाखवलं, की त्यातलं बरंच पितळ ऱ्हाईनलँडचं होतं. म्हणजे जर्मनीने परत दिलेल्या काही फलकांचं पितळ मुळात जर्मनीतूनच निघालं होतं!

पूर्वी ओबाच्या हुकमाशिवाय ओतकाम करणं हा गुन्हा होता आणि हे काम इगुनच्या घराण्यांतल्या पुरुषांपुरतंच होतं. १९१४ मध्ये गादीवर आलेल्या एवेका दुसऱ्याने, जो स्वतः कोरीवकाम आणि ओतकाम करायचा, ही कला पुन्हा उभी केली. पुढे बाहेरच्यांसाठीही माल होऊ लागला. २०२१ मध्ये इथल्या अहियाम्वेन या कलाकारांच्या नव्या संघाने ब्रिटिश म्युझियमला आपली नवी कामं देऊ केली: दोन मीटर रुंद, दोन मीटर उंच एक फलक आणि स्पार्क प्लगचा खऱ्याएवढा मेंढा. लुटीचा माल परत द्या, हवं तर आमचं आजचं काम घ्या, असा तो सौदा. बेनिनबद्दल गेल्या काही वर्षांत ऐकलेल्या प्रस्तावांत मला हाच सगळ्यात शहाणा वाटतो.

कारण परत आलेल्या मूर्ती ठेवायच्या कुठे, यावरच शहर भांडतंय. मार्च २०२३ मध्ये राष्ट्राध्यक्षांच्या आदेशाने मालकी ओबा एवुआरे दुसरे यांच्याकडे गेली. त्यामुळे केंब्रिज विद्यापीठाने ठरलेलं हस्तांतर पुढे ढकललं. दुसरीकडे परदेशी देणग्यांतून ‘मोवा’ हे पश्चिम आफ्रिकी कलेचं नवं संग्रहालय उभं राहिलं. नोव्हेंबर २०२५ मध्ये उद्घाटनाच्या तोंडावर निदर्शक आवारात घुसले, पाहुण्यांना बाहेर काढावं लागलं. हे बेनिनच्या राजघराण्याचं संग्रहालय हवं, अशी त्यांची मागणी होती. दोन्ही बाजूंचं काही ना काही खरं आहे, पण या भांडणात ओतारी कुणाच्या तोंडी नाही.

त्याच्या अडचणी रोजच्या आहेत. जून २०२३ मध्ये सरकारने नायराचा दर मोकळा सोडला आणि नायरा कोसळला. आयात केलेली प्रत्येक गोष्ट महागली. बेनिन सिटी हे वाळवंटातून इटलीकडे जाणाऱ्या तरुणांचंही शहर आहे, आणि मेण वळणारा हात तयार व्हायला वर्षं लागतात. दुकानांत बक्षिसांच्या ढाली, पुतळे आणि मुद्दाम काळवंडवलेल्या ‘जुन्या’ मूर्ती दिसतात. काळवंडलेली लवकर खपते. हा दोष ओताऱ्याचा नाही, आपल्यासारख्या गिऱ्हाइकाचा आहे.

तेव्हा कधी लेगोसला जाणं झालं तर तिथून रस्त्याने सुमारे तीनशे किलोमीटरवर ही गल्ली आहे. मूर्ती घ्या, ती झळझळीत नवी घ्या आणि करणाऱ्याचं नाव विचारून घ्या. राष्ट्रीय संग्रहालय खात्याचा परवाना मात्र आधीच काढा. नवी कोरी मूर्तीसुद्धा त्याशिवाय विमानतळावर अडवली जाते.