‘इथलं इथेच राहील’ हे अर्धं वचन

बदलापूरच्या शाळेतला मुलींवरच्या लैंगिक अत्याचाराचा प्रकार ऑगस्ट २०२४मध्ये उघडकीला आला, लोक रेल्वे रुळांवर उतरले आणि पुढे शाळेच्या व्यवस्थापनावरही गुन्हा नोंदला गेला, तो कळूनही पोलिसांना न कळवल्याचा. एवढं होऊनही ठाण्यापासून कल्याण-डोंबिवलीपर्यंत एक वाक्य छातीठोकपणे ऐकवलं जातं: शाळेचं ठीक आहे हो, पण समुपदेशकाला गोपनीयतेचं बंधन असतं, त्याला तोंड उघडता येत नाही. साफ चूक. बालकांवरच्या लैंगिक अत्याचारांविरुद्धच्या २०१२ सालच्या पॉक्सो कायद्याचं कलम १९ ‘कोणतीही व्यक्ती’ असं म्हणतं. त्यातून डॉक्टर सुटत नाहीत, मानसोपचारतज्ज्ञ नाहीत आणि शाळेतल्या समुपदेशक बाईही नाहीत. न कळवल्यास कलम २१ प्रमाणे सहा महिन्यांपर्यंत कैद, दंड किंवा दोन्ही. अशिलाचं गुपित राखण्याचं जे संरक्षण पुरावा कायदा वकिलाला देतो, ते समुपदेशकाला मिळत नाही. बरं, ज्या २०१७च्या मानसिक आरोग्यसेवा कायद्याचा दाखला दिला जातो, त्याचं कलम २३च दुसऱ्या व्यक्तीला इजेपासून वाचवण्यापुरती माहिती उघड करायची मुभा देतं. दाखला देण्याआधी कलम शेवटपर्यंत वाचायला काय हरकत आहे?

याच गैरसमजाचं जरा सभ्य रूप म्हणजे ‘आधी खात्री करू, मग बघू’. कायदा खात्री मागतच नाही. गुन्हा घडण्याची साधार भीती वाटली तरी कळवायचं आहे. ‘त्या काकांकडे क्लासला जायचं नाही’ एवढंच म्हणून मूल गप्प झालं, तर कारण समजून घ्यावं. पण शंकेला आधार मिळाल्यावर तेच तेच प्रश्न विचारून पुरावा जमवत बसू नये. तपास पोलिसांचा. चंद्रपूर जिल्ह्यातल्या वसतिगृहातील मुलींवरच्या लैंगिक अत्याचाराच्या प्रकरणात, माहिती असून न कळवल्याचा आरोप असलेल्या डॉक्टरवरचा गुन्हा उच्च न्यायालयाने रद्द केला होता. सर्वोच्च न्यायालयाने नोव्हेंबर २०२२मध्ये तो निर्णय फिरवला आणि वेळेवर कळवण्याला अत्यंत महत्त्व असल्याचं सांगितलं.

आक्षेप येतो, अशाने मुलं बोलायचीच बंद होतील. हा आक्षेप हसण्यावारी नेण्यासारखा नाही. सतरा वर्षांच्या मुलांचे संमतीचे संबंधही याच कायद्याखाली येतात आणि तिथे समुपदेशकाची खरोखर कोंडी होते. सर्वोच्च न्यायालयाच्या सप्टेंबर २०२२च्या निकालाने गर्भपातासाठी आलेल्या अल्पवयीन मुलीची ओळख, तिने व पालकांनी विनंती केल्यास, न सांगण्याची सवलत डॉक्टरांना दिली. पण ती तेवढ्यापुरतीच. तरीही यावर उपाय मौन हा नव्हे. गुप्ततेची मर्यादा पहिल्याच भेटीत सांगायला हवी: तुझं बोलणं माझ्यापाशी राहील, पण तुला कुणी इजा करत असेल तर मला ते कळवावं लागेल. हे न सांगता ‘इथलं इथेच राहील’ म्हणणं आणि मग पोलिसांकडे जाणं, विश्वासघात वाटतो तो याच क्रमाने.

बाकीचे समज किरकोळ. कळवणं म्हणजे अख्खी फाइल पोलिसांच्या हवाली करणं नव्हे. शंका चुकीची निघाली म्हणून तुरुंग लागत नाही. सद्भावनेने माहिती देणाऱ्याला कलम १९ संरक्षण देतं. मुलाला पोलीस ठाण्यात खेपा घालाव्या लागतील असंही नाही; जबाब घरी किंवा मूल म्हणेल तिथे, गणवेशाशिवाय घ्यायचा असतो. मुख्याध्यापकांच्या कानावर घातलं की आपण सुटलो, हेही खोटं: कलम १९ने नाव घेतलंय ते विशेष बाल पोलीस पथकाचं किंवा स्थानिक पोलिसांचं.