दोन नावांचा खेळाडू

मी सुरतेत वाढलो. घरी व शाळेत मराठी, बाजारात गुजराती. म्हणूनच फुटबॉलपटू अराता इझुमी मला जवळचे वाटतात. जन्म १९८२, जपान. वडील गुजराती, आई जपानी. मधल्या फळीतला हा खेळाडू मुंबईच्या महिंद्र युनायटेडकडून व पुढे पुणे एफ.सी.कडून खेळला. भारतीय संघासाठी मात्र भारतीय नागरिकत्व लागते आणि आपला कायदा दुहेरी नागरिकत्व मानत नाही. २०१२ मध्ये त्यांनी जपानी नागरिकत्व सोडले; नवे नाव नीळकंठ खंभोळजा. फेब्रुवारी २०१३ मध्ये, वयाच्या तिसाव्या वर्षी, ते कोचीत पॅलेस्टाइनविरुद्ध भारताकडून प्रथम खेळले. सामना आपण २-४ असा हरलो. वाणिज्याचा विद्यार्थी याला तोट्याचा सौदा म्हणेल. पण वडिलांच्या देशाची जर्सी कोणत्या खात्यात मांडायची?