आघात आणि आवर

खेड तालुक्यातील वाड्यावस्त्यांतून मुंबईस जाऊन गिरणीच्या साच्यावर राबणाऱ्या आणि दरमहा मनीऑर्डर धाडून गावचा संसार चालविणाऱ्या चाकरमान्यांच्या पिढीने परळ-लालबागच्या थिएटरांत ज्या नटावर जीव लावला, तो भगवान आबाजी पालव, ऊर्फ मास्टर भगवान किंवा भगवानदादा, स्वतःही गिरणीकामगाराचाच पुत्र होता. १ ऑगस्ट १९१३ रोजी अमरावतीस जन्मलेल्या आणि मुंबईत वाढलेल्या या तरुणास शाळेपेक्षा कुस्तीची आणि सिनेमाची ओढ अधिक. मूकपटांच्या अखेरच्या काळात किरकोळ भूमिकांपासून आरंभ करून, १९३८ साली चंद्रराव कदम यांच्यासह ‘बहादुर किसान’चे दिग्दर्शन करीपर्यंत त्याने या व्यवसायाची बहुतेक अंगे आत्मसात केली. हॉलीवूडचा नट डग्लस फेअरबँक्स याच्या साहसपटांनी भारावलेला हा गडी अल्प भांडवलात मारधाडीचे चित्रपट काढी, नटमंडळींच्या जेवणाची तजवीजही स्वतः पाही, आणि उड्या व झुंजी बदली माणसाच्या गळ्यात न घालता स्वतःच पार पाडी. दिवसभराच्या शारीरिक कष्टाची किंमत जाणणाऱ्या प्रेक्षकांस पडद्यावरील हे कष्टही आपलेसे वाटले, यात नवल नाही.

परंतु बळाच्या या विद्येची दुसरी बाजू १९४२ साली ‘जंग-ए-आझादी’च्या चित्रीकरणात प्रकट झाली. प्रसंगानुसार भगवानदादांना ललिता पवारांच्या गालावर एक थप्पड द्यावयाची होती. ती अनवधानाने इतक्या जोराची बसली, की त्या अभिनेत्रीच्या चेहऱ्यास अर्धांगवायू झाला, डाव्या डोळ्यास कायमची इजा पोहोचली आणि सुमारे तीन वर्षे औषधोपचारांत गेली. नायिकेच्या भूमिका त्यांना दुरावल्या, तरी त्यांनी खचून न जाता चरित्रभूमिकांत असे स्थान मिळविले, की पुढे दूरदर्शनवरील ‘रामायणा’तील त्यांची मंथरा घरोघरी पोहोचली. मारणाऱ्याच्या मनात लवमात्र दुष्टावा नसतानाही, एका क्षणी हात न आवरल्याचे मोल एका कलावतीने जन्मभर मोजले.

हात आवरण्याची हीच विद्या कराटेच्या पारंपरिक शिक्षणात मध्यवर्ती मानली जाते. ओकिनावा बेटावर वाढलेली आणि गिचिन फुनाकोशी यांनी १९२२ साली टोकियोत सादर केलेली ही कला आज आपल्याकडे तालुक्याच्या गावीही शिकविली जाते. जोडीच्या सरावाकडे बारकाईने पाहावे : खांदा सैल, कंबर वळते, मूठ सर्व वेगाने सुटते, आणि प्रतिस्पर्ध्याच्या अंगरख्यापासून बोटभर अंतरावर गच्च होऊन थांबते. ठोसा मारण्यास काही महिन्यांत शिकता येते. पूर्ण वेगातील ठोसा नेमका तेथेच रोखण्यास वर्षानुवर्षांचा रियाज लागतो.

याच शिस्तीतून अमेरिकी कराटेपटू आणि नट चक नॉरिस घडला. अमेरिकी हवाई दलाच्या नोकरीत कोरियातील ओसान येथे मुक्कामास असताना तो तांग सू डो ही तिकडची युद्धकला शिकला. मायदेशी परतून त्याने वर्ग काढले, आरंभीच्या स्पर्धांतील पराभव पचविले आणि १९६८ साली व्यावसायिक कराटेतील मध्यम वजनगटाचे विजेतेपद पटकाविले. १९७२ च्या ‘वे ऑफ द ड्रॅगन’ या चित्रपटात रोमच्या कलोसियममध्ये ब्रूस लीशी झालेली त्याची झुंज आजही रसिक आवर्जून पाहतात. प्रहार खरा भासावा आणि समोरच्याच्या जिवास धक्का लागू नये, हे दुहेरी कसब त्या दोघांच्या अंगी मुरलेले होते. पुढे ‘मिसिंग इन अ‍ॅक्शन’ हा चित्रपट आणि ‘वॉकर, टेक्सास रेंजर’ ही मालिका यांनी नॉरिसला जगभर प्रसिद्धी दिली. तिचा पाया मात्र स्पर्धांच्या आखाड्यातच घातला गेला होता.

भगवानदादांनीही १९५१ च्या ‘अलबेला’ने अमाप यश मिळविले, नंतरच्या अपयशांत बंगला-मोटारी गमावल्या आणि दादरच्या चाळीत साधेपणाने राहून ४ फेब्रुवारी २००२ रोजी देह ठेवला. त्या अवघ्या जीवनाचा आदर बाळगूनही १९४२ चा धडा विसरता कामा नये. आपल्या मुलामुलींस कराटेच्या वर्गात घालणाऱ्या खेडच्या पालकांनी वस्तादांची पदके आणि पट्ट्याचा रंग अवश्य पाहावा. परंतु त्यांच्या हाताखालची थोरली मुले धाकट्यांशी खेळताना मूठ कोठे थांबवितात, हे त्याआधी पाहावे.