अर्ध्या दिवसाचें कँटन

श्रोतेहो, परदेशाहून परतलेल्या माणसास आपल्याकडे पहिला प्रश्न विचारतात तो "काय काय पाहिलेंत?" हा. चीनहून आल्यापासून मला तो अनेकदां विचारला गेला, आणि दर वेळीं मला थोडें ओशाळल्यासारखें झालें. मीं चीन पाहिला असें म्हणवत नाहीं. मीं एक शहर पाहिलें, आणि तेंहि सकाळीं साडेआठपासून दुपारीं एक वाजेपर्यंत. अशा धांवत्या सहलींना आपलीं माणसें हल्लीं पुष्कळ जातात. त्या साडेचार तासांत मला काय दाखविलें गेलें, आणि जें दाखविलें जाणार नव्हतें तें कसें पाहावयास मिळालें, तेवढें आज सांगतों.

माझा मुलगा यंत्रांचे सुटे भाग खरेदी करण्यासाठीं कँटनच्या व्यापारी जत्रेस जातो. १९५७ सालीं सुरू झालेली ही जत्रा वर्षांतून दोनदां, वसंतांत व शरदांत, भरते. ह्या खेपेस त्यानें मला बरोबर नेलें. तो दिवसभर जत्रेंत, आणि मी हॉटेलच्या खोलींत. वर्तमानपत्र वाचावें तर तें चिनी. शेवटीं हॉटेलांतल्या एका बाईंनीं माझ्या हातीं एक रंगीत पत्रक ठेवलें: शहरदर्शन, अर्धा दिवस, वाटाड्यासह.

कँटनला तेथील लोक क्वांग्चौ म्हणतात. कँटन हें नांव युरोपियनांनीं क्वांग्तुंग ह्या प्रांताच्या नांवावरून पाडलेलें आहे. ज्या नदीच्या कांठीं तें वसलें आहे तिच्या नांवाचा अर्थ 'मोत्यांची नदी' असा होतो. २०२० च्या शिरगणतींत ह्या शहरांत सुमारें एक कोटी सत्त्याऐंशी लक्ष माणसें मोजलीं गेलीं. एवढें शहर अर्ध्या दिवसांत पाहावयाचें म्हणजे पोथींतला पहिला अध्याय व फलश्रुति वाचून पारायण झालें असें म्हणण्यापैकींच!

आमच्या मोटारींत एक वयस्क ऑस्ट्रेलियन जोडपें, मलेशियांतले दोघे भाऊ, मी, आणि पंचविशींतली एक मार्गदर्शिका असे सहाजण होतों. तिच्या गळ्यांत परवान्याचें कार्ड होतें. हा धंदा करण्यास तेथें सरकारी परीक्षा उतरावी लागते. मी जन्मभर शाळामास्तर होतों हें कळतांच ती मला 'लाओशी' म्हणूं लागली. त्याचा अर्थ गुरुजी. मॅट्रिकपलीकडे न शिकलेल्या माणसास परक्या मुलखांत हा मान मिळाला, तेव्हां बरें वाटलें हें कबूल केलें पाहिजे.

अशा सहलींचा हिशेब जाणाऱ्यानें आधीं समजून घ्यावा. चार तासांपैकीं जवळजवळ एक तास रस्त्यांतली गर्दी खाते. पाऊण तास दुकानांत जातो. त्यास 'चहाची चव' किंवा 'रेशमाची माहिती' असें गोंडस नांव दिलेलें असतें. सहल फार स्वस्त असली तर तिची तूट दुकानदारानें दिलेल्या दलालींतून भरून निघत असते. हा प्रकार इतका बोकाळला कीं चिनी सरकारनें २०१३ सालीं पर्यटनाचा कायदा करून, अवास्तव कमी भावानें गिऱ्हाईक ओढण्यास व दुकानांतून अशी दलाली उपटण्यास बंदी घातली. तेव्हां पत्रकावरचा आंकडा फारच लहान दिसला तर दुकानें किती, हें पहिल्यानें विचारावें. आमच्या पत्रकांत एक दुकान छापलेलेंच होतें. म्हणून माझी तक्रार नाहीं.

प्रथम आम्हांला एका बागेंतील टेकडीवर नेलें. तेथें पांच मेंढ्यांचें अकरा मीटर उंचीचें दगडी शिल्प आहे. पांच देवपुरुष मेंढ्यांवर बसून आले, त्यांनीं लोकांस धान्याचीं कणसें दिलीं, दुष्काळ न पडण्याचा आशीर्वाद दिला, ते अदृश्य झाले आणि मेंढ्यांचे दगड झाले, अशी कथा आहे. शिल्प मात्र १९६० च्या सुमाराचें. सर्वांनीं फोटो घेतले व आम्ही खालीं उतरलों.

तेथून जवळच डॉ. सुन यत्-सेन यांचें स्मारक-सभागृह आहे. अष्टकोनी बांधणी, निळ्या चकचकीत कौलांचें छप्पर, आणि आंत हजारों माणसें बसतील एवढ्या दालनांत प्रेक्षकाच्या नजरेआड येणारा एकहि खांब नाहीं. सारा भार पोलादी कैच्यांनीं भिंतींकडे नेलेला आहे. लोकांच्या वर्गणींतून उभारलेली ही इमारत १९३१ सालीं पुरी झाली. ती आंखणारा लू यान-च हा शिल्पज्ञ १९२९ सालींच वारला; आपलें काम पुरें झालेलें त्यास पाहावयास मिळालें नाहीं. हें सांगतांना मार्गदर्शिकेचा आवाज जरा खालीं आला. रोज तेंच सांगणाऱ्या माणसाचा आवाज एखाद्या ठिकाणीं बदलतो. श्रोत्यानें तेथें कान द्यावा.

सहा वडांच्या मंदिरांत मात्र आम्ही वीस मिनिटेंच होतों. इ. स. ५३७ मध्यें स्थापन झालेलें हें बौद्ध मंदिर आहे. ११०० सालीं हैनान बेटावरील हद्दपारींतून परततांना सु तुंग-पो हा कवि येथें आला आणि आवारांतले वृक्ष पाहून त्यानें 'सहा वड' अशीं दोन अक्षरें लिहून दिलीं. ते वृक्ष आज नाहींत. अक्षरें आहेत, आणि नांवहि तेंच चाललें आहे. मंदिराचा मनोरा बाहेरून नऊ मजल्यांचा दिसतो, पण आंत सतरा मजले आहेत.

ज्या जागेवरून माझा पाय निघेना ती म्हणजे चेन घराण्यांचें विद्यामंदिर. १८९४ सालीं पुरी झालेली ही वास्तु प्रांतभर पसरलेल्या चेन आडनांवाच्या कुटुंबांनीं वर्गणी जमवून बांधली. त्यांत नऊ दालनें व सहा चौक आहेत. छपराच्या आढ्यावर भाजलेल्या रंगीत मातीचीं शेंकडों माणसें नाटकांतले प्रसंग करीत उभीं आहेत. कठड्याच्या दगडी खांबांवर अननस व कमरखें कोरलेलीं पाहून मला क्षणभर कोंकणांतल्या परसांत आल्यासारखें वाटलें. कारागिरीचें वर्णन पत्रकांत असतेंच. मास्तराच्या दृष्टीनें महत्त्वाचें तें ह्या इमारतीचें प्रयोजन. पूर्वजांची पूजा हें एक. दुसरें असें कीं, सरकारी परीक्षेसाठीं खेड्यांतून कँटनला येणाऱ्या चेन मुलांना उतरावयास व अभ्यासास जागा हवी होती. ह्या परीक्षेवर राज्यांतल्या अधिकाराच्या जागा अवलंबून असत. हजारों उमेदवार एकेकट्याच्या अरुंद कोठडींत बसून निबंध लिहीत, आणि बहुतेक नापास होऊन परत जात. आपल्याकडे गांवचा मुलगा पुण्यास वार लावून शिकत असे; येथें आडनांवच त्याला आसरा देई. पुढें १९०५ सालीं बादशाही सरकारनें ती परीक्षाच बंद केली. म्हणजे एवढी वास्तु अवघीं अकरा वर्षें त्या कामीं आली. आज तेथें लोककलेचें वस्तुसंग्रहालय आहे. मी चौकांतल्या पायरीवर बसलों तेव्हां मार्गदर्शिकेनें घड्याळाकडे दोनदां पाहिलें, पण उठा असें म्हटलें नाहीं.

तेथून आम्ही शामिएनला आलों. नदींतला हा वाळूचा उंचवटा कालव्यानें शहरापासून तोडून १८६१ सालीं इंग्रज व फ्रेंच यांनीं आपल्या वसाहतींसाठीं घेतला. चार वांटे इंग्रजांचे व एक फ्रेंचांचा. पुलांवर पहारे असत. आजहि जुनीं बँका-वकिलातींचीं घरें व विस्तीर्ण वडांच्या सांवल्या आहेत, आणि लग्न ठरलेलीं जोडपीं तेथें छायाचित्रें काढून घेतात. कालव्यापलीकडच्या रस्त्याचें नांव मात्र 'सहा-दोन-तीन' असें आहे. सहावा महिना, तेविसावी तारीख. १९२५ च्या त्या दिवशीं ह्या बेटावरून पलीकडच्या मोर्चावर गोळ्या झाडल्या गेल्या आणि पन्नासांवर चिनी माणसें मेलीं.

आतां पत्रकांत फक्त चहाचें दुकान उरलें होतें. मला मात्र आणखी एक जागा पाहावयाची होती. तिचें नांव पत्रकांत नव्हतें. १७५७ पासून १८४२ पर्यंत पश्चिमेकडच्या व्यापाऱ्यांना साऱ्या चीनमध्यें हें एकच बंदर मोकळें होतें. येथेंहि त्यांना शहराच्या तटाआंत शिरण्याची मनाई असे. नदीकांठच्या तेरा वखारींत राहावें, ठराविक चिनी व्यापाऱ्यांशींच सौदा करावा, हंगाम संपला कीं मकावला जावें, बायकांना बरोबर आणूं नये, असा कडक नियम होता. ह्याच वखारींत मुंबईचे पारशी व्यापारी येऊन राहत. सर जमशेटजी जिजीभाई तरुणपणीं अनेकदां ह्या सफरीवर आले होते. १८५६ सालीं वखारी जळाल्या. त्या जागीं आज एक सार्वजनिक उद्यान आहे, आणि त्यांत २०१६ सालीं तेरा वखारींचें वस्तुसंग्रहालय उघडलें गेलें. शामिएनपासून तें चालत जाण्याइतकें जवळ आहे.

मीं हें विचारलें तेव्हां मुलगी थोडी चकित झाली. बाकीचे चौघे चहाच्या दुकानांत बसले आणि चालकावर त्यांना सोंपवून ती माझ्याबरोबर आली. नियमांत हें बसत होतें किंवा नाहीं, तें मीं विचारलें नाहीं.

उद्यानांत झाडांखालीं म्हातारे पत्ते खेळत होते. संग्रहालयांत परदेशांत विकण्यासाठीं घडविलेलीं चिनी मातीचीं भांडीं व वखारींचीं चित्रें आहेत. एका चित्रापुढें तिनें मला विचारलें, "लाओशी, तुमच्या मुंबईहून येथें काय येत असे?"

मीं म्हणालों, "कापूस."

उत्तर खोटें नव्हतें. कापूस येत असे, पुष्कळ येत असे. ती तशीच उभी राहिली. पुढचा शब्द उच्चारण्यास मला जितका वेळ लागला तितका परीक्षेंत कोणा विद्यार्थ्यास मीं कधीं दिला नसता. मीं म्हणालों, "आणि अफू."

मग जें ठाऊक होतें तें सांगितलें. बंगालची अफू कंपनी सरकारची. पण माळव्याची अफू होळकर-शिंद्यांच्या व आसपासच्या संस्थानांतली. आधीं ती चोरवाटेनें पोर्तुगीजांच्या दमणास जाई. १८३१ पासून कंपनीनें परवाना-पट्टी घेऊन ती मुंबईवरून जाऊं दिली. येथें चीनच्या कायद्यानें ती निषिद्ध होती. तरीहि पेट्या येत, चांदी जाई, आणि त्या चांदींतून मुंबईंत धर्मशाळा, शाळा व दवाखाने उभे राहत. जमशेटजींच्या नांवाचें रुग्णालय १८४५ चें. कापसाबरोबर अफूचा व्यापारहि त्यांनीं मोठ्या प्रमाणावर केला होता. १८३९ च्या जूनमध्यें लिन त्से-श्यू ह्या अधिकाऱ्यानें हुमन येथें वीस हजारांवर पेट्या चरांत टाकून, मीठ व चुना घालून समुद्रांत वाहवून दिल्या. त्यांत माळव्याचा मालहि होता.

मुलगी म्हणाली कीं हें तिला माहीत होतें. मी सांगेन कीं नाहीं, एवढेंच माहीत नव्हतें.

श्रोतेहो, मीं तीस वर्षें वर्गांत इतिहास शिकविला. अफूचें युद्ध, १८३९ ते १८४२, इंग्लंड विरुद्ध चीन, नानकिंगचा तह, हाँगकाँग इंग्रजांकडे. इतकें फळ्यावर लिहिलें कीं धडा संपे. पेट्या कोणत्या धक्क्यावर भरल्या जात, हें कोणा मुलानें विचारलें नाहीं आणि मींहि सांगितलें नाहीं. पुस्तकांत नव्हतें, ही सबब आहे. पण मला तें ठाऊक होतें.

परततांना आम्ही नदीच्या बाजूनें आलों. १९३८ च्या सप्टेंबरांत मुंबईहून बोटीनें निघालेलें पांच हिंदी डॉक्टरांचें पथक ह्याच शहरांत उतरलें होतें, आणि त्यांच्या स्वागतास सुन यत्-सेन यांच्या पत्नी सुंग छिंग-लिंग स्वतः आल्या होत्या. त्यांत नागपूरचे डॉ. चोळकर होते व सोलापूरचे डॉ. द्वारकानाथ कोटणीस होते. पुढच्याच महिन्यांत कँटन जपान्यांच्या हातीं पडलें. कोटणीस उत्तरेकडे गेले व १९४२ सालीं तिकडेच वारले. मीं त्यांचें नांव घेतलें तें मुलीस कळेना. चिनी लोक त्यांना ख ती-ह्वा म्हणतात असें सांगतांच तिनें मान डोलावली आणि त्यांच्याविषयीं तीच मला सांगूं लागली.

दुकानांत पोंचलों तेव्हां ऑस्ट्रेलियन बाईंनीं चहाचे तीन डबे घेतले होते आणि मलेशियांतल्या भावांनीं एकहि नाहीं. माझ्यासाठीं पेला भरला गेला. कोणी चहा ओतला कीं दोन बोटांनीं मेजावर हळूच टकटक करावयाची, ही तेथील आभार मानण्याची रीत आहे. मीं ती केली. मुलीनें माझीं बोटें जवळ धरून दाखविलीं, कारण मीं फार जोरानें वाजविलें होतें.

जाणाऱ्यांनीं पासपोर्ट खिशांत ठेवावा, तो अनेक ठिकाणीं मागतात. हॉटेलचें नांव चिनी अक्षरांत लिहून घ्यावें. आणि तेथील बहुतेक वस्तुसंग्रहालयें सोमवारीं बंद असतात, तेव्हां वार पाहून निघावें.