हाड भरून येतं, दात उगवत नाहीत

चार वर्षांच्या मुलाचे दोन्ही गाल सुजले की घरात पहिलं नाव निघतं गालगुंडाचं. पण गालगुंड दुखतं, बहुधा ताप आणतं आणि आठ-दहा दिवसांत ओसरतं. चेरूबिझम या आजारात गाल सहसा दुखत नाहीत, ताप नसतो आणि सूज काही उतरायचं नाव घेत नाही. महिन्यामागून महिने ती दोन्ही बाजूंना जवळजवळ सारखीच वाढत राहते. दाबून पाहिलं तर टणक लागते, कारण फुगलेलं असतं ते आत जबड्याचं हाड.

कॅनडातल्या किंग्स्टन शहरात डॉ. विल्यम जोन्स यांनी १९३३ साली एकाच कुटुंबातल्या तीन भावंडांमध्ये या आजाराचं वर्णन केलं. युरोपातल्या जुन्या धर्मचित्रांत वर आभाळाकडे पाहणारे गुबगुबीत गालांचे बालदेवदूत असतात, ते चेरब. त्यांच्यावरून पुढे हे नाव रूढ झालं. आजार वाढून डोळ्यांच्या खोबणीच्या तळापर्यंत पोहोचला, तर खालची पापणी ओढली जाते, बुबुळाखालचा पांढरा भाग उघडा पडतो आणि मूल सतत वर पाहत असल्यासारखं दिसतं. वैद्यकीय साहित्यात जगभरातले मिळून काही शे रुग्ण नोंदले गेले आहेत. भारतातल्या दंतवैद्यकीय नियतकालिकांमध्येही अशी कुटुंबं आढळतात.

हा आजार आपणहून थांबतो, हे त्याचं मोठं वेगळेपण. जन्मतः मूल अगदी निरोगी असतं. साधारण दोन ते सात वर्षांच्या दरम्यान सूज दिसू लागते, वयात येईपर्यंत वाढते, मग थबकते. त्यानंतर पोखरलेल्या जागी हळूहळू नवं हाड भरत जातं आणि तिशीपर्यंत अनेकांचा चेहरा इतका पूर्ववत होतो की अनोळखी माणसाला शंकाही येऊ नये. म्हणूनच पुस्तकांत या आजारावर ‘स्वयंमर्यादित’ असा दिलासा देणारा शिक्का मारलेला असतो. हाडापुरता तो खराही आहे. दातांचा हिशेब मात्र निराळा आहे.

तो समजून घ्यायला ओपीजी पाहावा, म्हणजे वरचा-खालचा जबडा एका पट्टीत दाखवणारा दंतवैद्यांचा नेहमीचा एक्स-रे. सात वर्षांच्या निरोगी मुलाच्या ओपीजीत दुधाचे दात आणि त्यांच्या मुळांखाली आपापल्या जागी वाट पाहणाऱ्या कायमच्या दातांच्या कळ्या दिसतात. चेरूबिझमच्या ओपीजीत खालच्या जबड्याच्या दोन्ही कोनांपाशी साबणाच्या फेसासारखे काळे कप्पेच कप्पे असतात. बाहेरचं हाड पातळ कवचाएवढं उरलेलं असतं. एखादी दाढ भोवती हाडाचा आधार नसल्यामुळे अधांतरी लोंबकळताना दिसते. दंतवैद्य तिला ‘तरंगता दात’ म्हणतात. कानापुढच्या सांध्यातलं जबड्याचं टोक मात्र बहुतेक वेळा शाबूत राहतं.

या काळ्या कप्प्यांत पोकळी नसते. तिथे तंतुमय ऊती आणि अनेक केंद्रकं असलेल्या राक्षसी पेशी भरलेल्या असतात. त्यांच्या रेट्याने दुधाचे दात हलतात आणि वेळेआधी पडतात. कायमच्या दातांच्या कळ्या बाजूला ढकलल्या जातात, काही आडव्या होऊन हाडातच अडकतात, काहींची मुळं झिजतात. काही दात तर तयारच होत नाहीत. यात सगळ्यांत जास्त फटका बसतो तो खालच्या जबड्यातल्या दुसऱ्या दाढेला आणि अक्कलदाढेला.

याच दाढा का, याचं बरंचसं उत्तर वेळापत्रकात सापडतं. कायमची दुसरी दाढ तोंडात येते बाराव्या वर्षाच्या आसपास, पण तिच्या कळीवर कठीण थर चढायला मूल अडीच-तीन वर्षांचं असतानाच सुरुवात होते. अक्कलदाढेचं हेच काम आठव्या ते दहाव्या वर्षांदरम्यान सुरू होतं. आणि दोन्ही कळ्या जबड्याच्या मागच्या कोनाकडे असतात. आजारही नेमका याच वयात, याच जागी हात घालतो. सहाव्या वर्षी येणाऱ्या पहिल्या दाढेची घडण जन्माच्या सुमारास सुरू झालेली असल्याने तिला थोडी आघाडी मिळते.

हाड आयुष्यभर स्वतःला मोडत आणि बांधत असतं. जुनं हाड विरघळवणाऱ्या ऑस्टिओक्लास्ट पेशी आणि नवं हाड रचणाऱ्या ऑस्टिओब्लास्ट पेशी यांचं काम म्हातारपणापर्यंत चालू राहतं. त्यामुळे आजार थांबला की हाडाला दुरुस्तीची संधी मिळते. दाताला ती मिळत नाही. दाताची कळी एकदाच धरते आणि चौथ्या वर्षी नष्ट झालेली कळी तिसाव्या वर्षी पुन्हा येत नाही.

हे सगळं घडवणारा बिघाड अगदी लहान आहे. १९९९ साली संशोधकांनी त्याचा माग चौथ्या गुणसूत्राच्या टोकापर्यंत काढला आणि २००१ साली यासुयोशी उएकी आणि त्यांच्या सहकाऱ्यांना एसएच३बीपी२ हे जनुक सापडलं. त्याच्या आज्ञेनुसार तयार होणारं प्रथिन ५६१ अमिनो आम्लांचं असतं. रुग्णांमध्ये सापडलेले जवळजवळ सगळे बदल त्यातल्या सलग सहा अमिनो आम्लांच्या एका छोट्या तुकड्यात आहेत.

हा तुकडा इतका महत्त्वाचा का, याचा उलगडा २०११ साली झाला. टँकिरेझ नावाचं विकर या तुकड्यालाच पकडतं आणि प्रथिनावर खूण करतं. खूण झालेलं प्रथिन पेशी मोडीत काढते. तुकडा बदलला की टँकिरेझला पकड मिळत नाही, प्रथिन साचत जातं, हाड खाणाऱ्या पेशींना कामाला लागण्याचा इशारा गरजेपेक्षा जोरात मिळतो आणि त्या बेफाम होतात.

हे जनुक शरीरात इतरत्रही काम करतं. मग आजार जबड्यातच का? हाच बदल असलेले उंदीर तयार करून पाहिले, तेव्हा जनुकाच्या दोन्ही प्रती बदललेल्या उंदरांत हाडांची झीज आणि दाह शरीरभर पसरला. माणसात तो जबड्यापुरताच राहतो. काही संशोधकांना वाटतं की लहान वयात दात पडण्या-येण्याच्या धावपळीत जबड्याचं हाड इतर हाडांपेक्षा जास्त ढवळलं जातं आणि तोंडातल्या जंतूंशीही त्याची सतत गाठ पडते, हे त्याचं कारण असावं. दात येण्याचा हंगाम सरत आला की आजारही मंदावतो, ही गोष्ट या तर्काला पूरक आहे.

आई किंवा वडील यांपैकी एकाला आजार असेल तर प्रत्येक अपत्याला तो बदल मिळण्याची शक्यता निम्मी असते. कधी घराण्यात कुणालाच नसताना एखाद्या मुलात बदल नव्याने उद्भवतो. तीव्रताही सारखी नसते. एका भावंडाचा चेहरा विस्तारतो, तर दुसऱ्याचं निदान केवळ एक्स-रेमुळे होतं. निदानाच्या वेळी रक्तातलं कॅल्शियम आणि पॅराथायरॉइड हार्मोनही तपासावं लागतं. पॅराथायरॉइड ग्रंथीच्या विकारातही हाडात अशाच राक्षसी पेशी जमतात आणि गाठीचा तुकडा सूक्ष्मदर्शकाखाली ठेवला तरी दोन्हींत फरक करणं अवघड जातं.

उपचारांत पहिलं स्थान लक्ष ठेवून थांबण्याला आहे. दृष्टी, श्वास किंवा गिळणं यांना धोका असेल तर शस्त्रक्रिया लवकर करतात. एरवी वाढ थंडावेपर्यंत वाट पाहून मग गाठी खरवडणं किंवा हाडाला आकार देणं, असा क्रम असतो. रेडिएशन वर्ज्य, कारण वाढत्या जबड्याचं त्याने नुकसान होतं आणि पुढे कर्करोगाची भीती राहते. औषधांचा शोध चालू आहे. उंदरांत टीएनएफ-अल्फा हे दाहकारक प्रथिन काढून टाकल्यावर आजार बराच सौम्य झाला, पण त्याला अडवणारं औषध मुलांना देऊन पाहिलं तेव्हा जबड्यातल्या गाठी थांबल्या नाहीत. इमॅटिनिब, टॅक्रोलिमस, डेनोसुमॅब यांचे प्रयोग मोजक्या रुग्णांपुरते आहेत.

तिशीत चेहरा पूर्ववत होण्याचं भाग्य सगळ्यांच्या वाट्याला येतंच असंही नाही. ब्रिटनमधल्या व्हिक्टोरिया राइट प्रौढपणीही हा आजार चेहऱ्यावर बाळगून उघडपणे वावरतात. २००९ साली ‘चॅनल फोर’च्या ‘कास्ट ऑफ्स’ या मालिकेत त्यांनी काम केलं. वेगळ्या चेहऱ्याच्या माणसांकडे समाज कसा पाहतो, यावर त्या जाहीरपणे बोलत आल्या आहेत.

या सगळ्या वर्षांत रुग्णाला सर्वांत जास्त वेळा भेटतो तो दंतवैद्य. दुधाचे दात लवकर पडले की चावण्या-बोलण्यासाठी काढता-घालता येणारी छोटी कवळी करावी लागते आणि जबडा वाढेल तशी ती बदलावी लागते. उरलेला प्रत्येक दात मोलाचा, म्हणून त्याला कीड लागू न देणं हे एरवीपेक्षा महत्त्वाचं ठरतं. आजार थंडावल्यावर अडकलेल्या दातांपैकी काही मोकळे करून तारेने जागेवर ओढता येतात. इम्प्लांट बसवायचे तर वाढ पूर्ण होऊन हाड भरलेलं असावं लागतं. सुरुवातीच्या निदानापासून इथपर्यंत सहज पंधरा-वीस वर्षं जातात. एवढ्या काळाचा हा खर्च ‘आपोआप बरा होणारा आजार’ या वर्णनात कुठेच दिसत नाही.

म्हणून ज्या घरात हा आजार ठाऊक आहे, तिथे गाल फुगण्याची वाट न पाहता मुलाला लहानपणीच बालदंतवैद्याकडे न्यावं आणि त्याच्या सल्ल्याने एक्स-रे व जनुकचाचणीचा निर्णय घ्यावा. नव्या औषधांची कसोटीही दातांवरूनच ठरायला हवी. पंधराव्या वर्षी सूज उतरवणाऱ्या औषधाने फार मोठं काम केलं असं म्हणता येणार नाही, कारण तेवढं शरीर बहुधा स्वतःच करतं. खरं औषध ते, जे तिसऱ्या-चौथ्या वर्षी दुसऱ्या दाढेची कळी वाचवेल.